घोडे कुठे गेले, थिओडोरिक?

इ.स. ४७८ च्या सुमारास बाल्कनच्या डोंगराळ मुलखात, गॉथ म्हणवणाऱ्या लढवय्या लोकांच्या दोन फौजा एकमेकींसमोर तळ ठोकून बसल्या होत्या. दोन्हीकडच्या सरदाराचं नाव एकच, थिओडोरिक. एक पंचविशीच्या आतबाहेरचा, अमल या गॉथ राजघराण्यातला. दुसरा वयानं मोठा, डोळ्यानं तिरळा. ग्रीक लेखक त्याला 'स्त्राबो' म्हणजे तिरळा असंच म्हणत. कॉन्स्टँटिनोपलच्या, म्हणजे पूर्व रोमन साम्राज्याच्या, सम्राट झेनोनं धाकट्याला थोरल्यावर सोडलं होतं, वर कुमक पाठवतो असं वचनही दिलं होतं. कुमक काही आली नाही. मग दोघं एकमेकांची गुरं पळवत राहिले, पण लढाईला तोंड कुणी फोडेना.

तिरळा घोड्यावर बसून समोरच्या छावणीजवळ यायचा आणि नावं ठेवायचा. पोरगा आहे, मूर्ख आहे, स्वतःच्याच रक्ताचा वैरी आहे. मग एक दिवस तो छावणीवरच्या टेकाडावर चढला आणि तिथून ओरडला: अरे, माझ्या भाऊबंदांना का मारतोयस? एवढ्या बायका विधवा का केल्यास? घरून निघाले तेव्हा यांच्यातल्या प्रत्येकाकडे दोन-दोन, तीन-तीन घोडे होते. ते कुठे गेले? आता गुलामांसारखे पायी तुझ्या मागून हिंडतायत. सोनं मापानं मोजून देईन म्हणाला होतास ना?

हे ऐकून अख्खी छावणी उठली. पुरुष उठले आणि बायकाही उठल्या. सगळ्यांनी तरुण थिओडोरिकच्या तंबूकडे जाऊन गलका केला की तह कर, नाहीतर आम्ही तिकडे निघालो. दुसरा इलाज नव्हता. नदीच्या दोन काठांवर उभं राहून दोन्ही थिओडोरिकांनी आपसांत न लढण्याची शपथ घेतली.

ही हकिकत माल्खस नावाच्या ग्रीक इतिहासकारानं लिहून ठेवली आहे. त्याचा ग्रंथ तुकड्यातुकड्यांतच उरला आहे आणि टेकाडावरचं भाषण त्यानं मीठमसाला लावून रंगवलं असणार, यात शंका नाही. तरी 'प्राचीन युरोपचे लोक आणि त्यांचे राजे' या विषयावर मी जे काही वाचलं, त्यात हा प्रसंग मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो. कारण यात लोक बोलतात. एरवी ते बोलत नाहीत. नकाशावरून फक्त सरकतात.

तो नकाशा आपल्या सगळ्यांच्या ओळखीचा आहे. पाचव्या शतकातला युरोप, मध्ये फिकट रंगाचं रोमन साम्राज्य, आणि उत्तरेकडून, पूर्वेकडून त्यात घुसणारे रंगीत बाण. हिरवा बाण व्हिसिगॉथांचा, लाल व्हँडलांचा, निळा ऑस्ट्रोगॉथांचा. बाण बाल्टिकच्या काठावर सुरू होतो, काळ्या समुद्रापाशी वळतो, डॅन्यूब ओलांडतो आणि इटलीत जाऊन टेकतो. पाहणाऱ्याला वाटतं, एक जात, एक रक्त, एक भाषा घेऊन लाखभर माणसं शतकानुशतकं चालत आली आणि त्यांच्या पुढे त्यांचा राजा चालत होता. मोठा देखणा नकाशा आहे तो, आणि मला आवडतोही. पण तिरळ्या थिओडोरिकचा आवाज त्यात ऐकू येत नाही. आम्ही तिकडे निघालो, असं म्हणणारी माणसं बाणात मावत नाहीत.

पुढे काय झालं ते पाहा. ४८१ मध्ये तिरळ्याचा घोडा उधळला आणि तो तंबूबाहेर टांगलेल्या भाल्यावर पडून मेला. त्याच्या मुलाला, रेकिटाखला, ४८४ मध्ये तरुण थिओडोरिकनं ठार केलं, सम्राट झेनोच्या चिथावणीवरून. आणि तिरळ्याची माणसं? त्यांतली बरीचशी मुकाट्यानं इकडे आली. दोन छावण्यांची एक छावणी झाली, आणि आपण ज्यांना इतिहासात ऑस्ट्रोगॉथ म्हणून ओळखतो ते लोक खऱ्या अर्थानं इथे जमले. एका खुनानंतर, एका सरदाराभोवती.

हा सरदार होता तरी कोण? जन्म सुमारे ४५४ चा, पॅनोनियात, म्हणजे आजच्या हंगेरीच्या बाजूला. वयाच्या सातव्या-आठव्या वर्षी बापानं त्याला तहाचं ओलीस म्हणून कॉन्स्टँटिनोपलला पाठवलं. दहा वर्षं तो तिथे वाढला. जगातल्या सगळ्यात श्रीमंत शहरात दहा वर्षं म्हणजे शर्यती, मिरवणुका, दरबारातली कुजबुज, खजिन्याच्या किल्ल्या कुणाच्या कमरेला असतात याची जाण. अठराव्या वर्षी परतला तेव्हा त्यानं पहिलं काम काय केलं, तर बापाला न विचारता माणसं गोळा केली, सार्मेशियन राजाला हरवलं, त्याच्याकडून सिंगिडुनम म्हणजे आजचं बेलग्रेड जिंकलं, आणि ते शहर मूळ मालकाला, रोमन साम्राज्याला, परत केलंच नाही. ओलीस राहिलेला पोरगा मालकांकडून नेमकं काय शिकून आला, ते यावरून कळतं.

पुढची पंधरा-सोळा वर्षं म्हणजे झेनोशी चाललेला लपंडाव. कधी सेनापतीपद, कधी बंड. ४८४ मध्ये तर त्याला कॉन्सुल केलं, रोमन माणसाच्या आयुष्यातला सगळ्यात मोठा मान. राजधानीत त्याचा अश्वारूढ पुतळा उभा राहिला. दोन-तीन वर्षांत हाच कॉन्सुल त्याच राजधानीच्या वेशीवर फौज घेऊन आला. झेनोला या माणसाचं करायचं काय तेच कळेना, आणि मग ४८८ मध्ये त्याला एक तोड सुचली. इटलीत ओडोएकर नावाचा एक माणूस राज्य करत होता. जा, त्याला हटव आणि माझ्या वतीनं तिथे राज्य कर. दोघांपैकी कुणीही मेला तरी झेनोचा फायदाच होता.

ओडोएकर म्हणजे तोच, ज्यानं ४ सप्टेंबर ४७६ ला रोम्युलस ऑगस्टुलस या शेवटच्या पश्चिमी सम्राटाला गादीवरून उतरवलं. पोराला मारलं नाही. वर्षाला ६ हजार सोन्याच्या नाण्यांचा तनखा लावून नेपल्सजवळच्या एका वाड्यात पाठवून दिलं. शाळेच्या पुस्तकात 'रोमन साम्राज्याचा अंत' म्हणून जी तारीख येते, ती हीच. ओडोएकर कुठल्या लोकांचा, हे मात्र जुन्या लेखकांनाही धड ठरवता आलं नाही. कुणी त्याला स्किरी म्हणतं, कुणी रुगी, कुणी चक्क गॉथ. त्याच्या सैन्यातही या सगळ्यांची भेसळ होती. पगार वेळेवर मिळाला की ते ओडोएकरचे लोक.

४८८ च्या हिवाळ्यात आजच्या बल्गेरियातल्या नोव्हाहून थिओडोरिक निघाला. गाड्यांत बायका-मुलं आणि नेता येईल तेवढा घरसंसार. एकूण लाखभर माणसं असावीत असा अभ्यासकांचा अंदाज आहे. त्यात सगळे गॉथच होते असं नाही. ओडोएकरनं नुकतंच ज्यांचं राज्य मोडलं होतं ते रुगी लोकही सूड घ्यायला सामील झाले. या रुगींची गंमत पुढे येणार आहे. वाटेत गेपिड लोकांनी नदीवर अडवलं, त्यांना मोडून काढत ही छावणी इटलीच्या दारात पोहोचली. ऑगस्ट ४८९ मध्ये इसोंझो नदीवर लढाई, सप्टेंबरमध्ये व्हेरोनाला, पुढच्या ऑगस्टमध्ये अड्डा नदीवर. प्रत्येक वेळी ओडोएकर हरला आणि शेवटी रावेन्नाच्या दलदलीमागे जाऊन बसला. ते शहर पाण्यानं राखलेलं. वेढा फेब्रुवारी ४९३ पर्यंत चालला.

अखेर रावेन्नाच्या बिशपनं मध्यस्थी केली. ठरलं असं की दोघांनी मिळून राज्य करायचं. ५ मार्चला थिओडोरिक शहरात आला. १५ मार्चला मेजवानी झाली.

मेजवानीची हकिकत अँटिओकचा जॉन या इतिहासकारानं दिली आहे, आणि ती वाचताना अंगावर काटा येतो तो क्रौर्यापेक्षा त्यातल्या गोंधळामुळे. दोन माणसं अर्ज घेऊन आल्यासारखी ओडोएकरपुढे आली आणि विनवणी करायच्या मिषानं त्यांनी त्याचे दोन्ही हात धरले. ही खूण. बाजूच्या खोल्यांतून तलवारी घेऊन माणसं बाहेर आली, आणि समोर साठीचा म्हातारा हात धरलेला पाहून तिथेच थिजली. कुणाचाच हात उठेना. मग थिओडोरिक स्वतः धावत आला. ओडोएकर ओरडला, देव कुठे आहे? थिओडोरिक म्हणाला, माझ्या माणसांना तू हेच केलंस. आणि खांद्याच्या हाडापासून मांडीपर्यंत त्याला उभा चिरला. वर म्हणाला, या हलकटाच्या अंगात हाडच नव्हतं म्हणायचं. ओडोएकरच्या भावाला चर्चच्या आवारात बाणांनी मारलं. बायकोला उपाशी ठेवून मारलं.

हा तोच माणूस, ज्यानं पुढची ३३ वर्षं इटलीला असा कारभार दिला की त्याचे शत्रूही नावं ठेवताना अडखळले. प्रोकोपियस हा त्याच्या लोकांविरुद्ध लढलेल्या सेनापतीचा चिटणीस. तो लिहितो की नावाला हा जुलमी सत्ताधीश, पण करणीत कुठल्याही चांगल्या सम्राटापेक्षा कमी नाही. मेजवानीतली तलवार आणि हा कारभार यांची सांगड मला कधीच नीट घालता आलेली नाही. त्याच्या काळच्या लोकांनाही ती जमली नसावी. म्हणून त्यांनी दोन्ही लिहून ठेवलं आणि मधली जागा मोकळी सोडली.

कारभाराच्या गोष्टी लहान लहान आहेत, आणि म्हणूनच खऱ्या वाटतात. ५०० मध्ये तो रोमला गेला, सिनेटला भेटला, लोकांना वर्षाला १ लाख २० हजार मापं धान्य लावून दिलं. शहराच्या डागडुजीसाठी पैसा दिला. त्याच्या नावाचा शिक्का मारलेल्या विटा रोममध्ये सापडतात. जिनोआच्या ज्यूंनी प्रार्थनागृहाच्या छपराची परवानगी मागितली तेव्हा ती देताना त्याच्या नावानं गेलेल्या पत्रात एक वाक्य आहे: धर्म आम्ही हुकमानं लादू शकत नाही, कारण मनाविरुद्ध विश्वास ठेवायला कुणाला भाग पाडता येत नाही. सहाव्या शतकाच्या आरंभीचं हे वाक्य आहे. पुढच्या हजारेक वर्षांत युरोपातल्या किती राजांनी ते म्हटलं असेल?

आणखी एक पत्र आहे, पिकेनम आणि साम्नियम भागातल्या गॉथांना. वार्षिक बक्षीस घ्यायला दरबारी या, असं बोलावणं, आणि सोबत ताकीद: येताना वाटेतल्या लोकांची पिकं, कुरणं तुडवू नका. मराठी वाचकाला इथे भाजीच्या देठाची आठवण होणारच. मला मात्र त्याहून जास्त आठवतो तो टेकाडावरचा तिरळा. सोनं मापानं मोजून देईन म्हणाला होतास ना? कितीतरी वर्षांनी त्या प्रश्नाचं उत्तर असं मिळत होतं. दरसालच्या बक्षिसाचा ठरलेला दिवस आणि रांगेत उभे गॉथ. जो रांगेत उभा तो गॉथ, असंही म्हणता येईल.

ही पत्रं लिहिणारा माणूस म्हणजे कॅसिओडोरस, इटलीच्या जुन्या घरंदाज कुटुंबातला, राजाचा चिटणीस आणि पुढे त्याहून मोठा अधिकारी. त्यानं आपल्या पत्रांचा जो संग्रह केला त्यात ४६८ पत्रं आणि नमुने आहेत. त्यांची भाषा इतकी फुललेली की एखाद्या जलवाहिनीच्या दुरुस्तीसाठीही आधी पाण्याच्या स्वभावावर परिच्छेद येतो. बर्गंडियन राजा गुंडोबाडला जलघटिका आणि सूर्यघटिका भेट पाठवतानाच्या पत्रात तो म्हणतो की पोटातल्या भुकेवरून वेळ ओळखणं ही जनावरांची रीत. भेटीसोबत असा टोमणा! फ्रँकांचा राजा क्लोव्हिस यानं वीणावादक मागितला, तेव्हा तो निवडायचं काम बोएथियस या पंडिताकडे गेलं, आणि पत्रात आशा व्यक्त झाली की हा वादक ग्रीक दंतकथेतल्या ऑर्फियससारखा परकी लोकांची रानटी मनं माणसाळवील. म्हणजे गॉथ राजाच्या दरबारातून फ्रँक राजाला रानटीपणाबद्दल शिकवण. रानटी नेहमी पलीकडचा असतो.

क्लोव्हिस हा त्याचा मेहुणा. थिओडोरिकनं सोयरिकींचं मोठं जाळं विणलं होतं. स्वतः क्लोव्हिसच्या बहिणीशी लग्न केलं, एक मुलगी व्हिसिगॉथांच्या राजाला दिली, एक बर्गंडियन राजपुत्राला, भाची थुरिंगियनांच्या राजाला. बहीण आफ्रिकेतल्या व्हँडल राजाला, आणि तिच्याबरोबर १ हजार निवडक शिलेदार व ५ हजारांचा लवाजमा. यातलं फारसं काही टिकलं नाही. ५०७ मध्ये क्लोव्हिसनं त्याच्या व्हिसिगॉथ जावयाला लढाईत मारलं. थिओडोरिकच्या मृत्यूच्या सुमारास आफ्रिकेत त्याची बहीण कैदेत मेली.

आता मूळ मुद्द्याकडे. स्वतःला 'गॉथांचा राजा' असं थिओडोरिकनं अधिकृत लेखात म्हटलेलं दिसत नाही. नुसता 'राजा'. त्याचं हयातीतलं एकच खात्रीचं चित्र उरलं आहे, एका सोन्याच्या पदकावर. केस कानांवरून उतरलेले, अंगावर रोमन सेनापतीचं चिलखत, हातात विजयदेवता, आणि ओठावर मिशी. रोमन सम्राट नुसती मिशी ठेवत नसत. पदकावरचं बाकी सगळं रोमचं. मिशी तेवढी स्वतःची. नावापुढे इथेही फक्त राजा. कुणाचा, ते सांगायची गरज त्याला वाटली नाही, किंवा सांगणं सोयीचं नव्हतं. रांगेत गॉथ होते, रुगी होते, ओडोएकरची उरलेली माणसं होती आणि रोमनही होते.

पण राज्य मुलाला द्यायची वेळ आली की 'कुणाचा' आणि 'कुठून' हे प्रश्न टळत नाहीत. त्यात त्याला मुलगाच नव्हता. मुलगी होती, अमलासुंथा. मग दूर स्पेनमध्ये युथारिक नावाचा एक माणूस सापडला, जो म्हणे हरवलेल्या शाखेतला अस्सल अमल निघाला. ५१५ मध्ये दोघांचं लग्न लागलं. युथारिक सासऱ्याच्या आधीच वारला, तेव्हा वारस उरला तो नातू अथालारिक.

याच काळात राजाच्या इच्छेवरून कॅसिओडोरसनं गॉथांचा इतिहास लिहिला, १२ खंडांत. तो ग्रंथ नष्ट झाला आहे. पण त्याच्याबद्दलचं एक पत्र उरलं आहे, ५३३ सालचं, बालराजा अथालारिकच्या नावानं सिनेटला गेलेलं. त्यात कॅसिओडोरसची स्तुती आहे. यानं विस्मृतीच्या गुहेत दडलेले गॉथ राजे बाहेर काढले, अमलांचं तेज परत मिळवून दिलं, राजाची कुळी सतराव्या पिढीपर्यंत दाखवली, पुस्तकांच्या मळ्यांत विखुरलेल्या कळ्या वेचून एक हार गुंफला, गॉथांच्या उगमाला रोमन इतिहास करून टाकलं. फार सुंदर स्तुती आहे. फक्त हे पत्रही राजाच्या नावानं लिहिलंय कॅसिओडोरसनंच. स्वतःच्या पुस्तकाचं असं परीक्षण लिहायची संधी फार थोड्या लेखकांना मिळते.

सतरा पिढ्यांचं काय? रोमच्या दंतकथेत मूळपुरुष इनिअसपासून रोम वसवणाऱ्या रोम्युलसपर्यंत तेवढेच राजे मोजले जातात, हे अभ्यासकांनी लक्षात आणून दिलं आहे. आपल्याला यात नवल वाटायचं कारण नाही. गादी बळकट झाली की कुळी लांब होते, हे बखरी वाचणाऱ्या माणसाला कुणी शिकवावं लागत नाही.

हरवलेल्या १२ खंडांचा सारांश मात्र हाती आहे. ५५१ च्या सुमारास कॉन्स्टँटिनोपलमध्ये योर्डानेस नावाच्या लेखकानं तो केला. तो सांगतो की मूळ ग्रंथ त्याला कॅसिओडोरसच्या कारभाऱ्याच्या मेहेरबानीनं फक्त तीन दिवस वाचायला मिळाला. बाकी स्मरणातून आणि इतर पुस्तकांतून. त्यात गॉथ हे स्कँड्झा नावाच्या उत्तरेकडच्या बेटावरून बेरिग राजाबरोबर तीन जहाजांतून येतात. तिसरं जहाज रेंगाळलं, त्यातले लोक गेपिड, म्हणजे सुस्त. (थिओडोरिकनं ज्यांना वाटेत मोडलं तेच हे. हरलेल्यांना अशी बोळवण.) पुढे ॲमेझॉन नावाच्या लढाऊ बायका या गॉथांच्याच बायका ठरतात, आणि ट्रॉयच्या युद्धातही एक गॉथ राजा जाऊन येतो. नकाशातला तो बाण बाल्टिकपाशी सुरू होतो त्यामागे पुरातत्त्वाचाही काही आधार आहे. पण त्याचं शेपूट पहिल्यांदा काढलं ते या तीन जहाजांनी.

शेवटची वर्षं वाईट गेली. बोएथियस, तोच वीणावादक निवडणारा, ५२२ मध्ये दरबारातल्या सर्वांत मोठ्या पदांपैकी एकावर होता; दोन्ही मुलगे एकाच वर्षी कॉन्सुल. दोन वर्षांत तो राजद्रोहाच्या आरोपाखाली तुरुंगात मारला गेला, तिथे 'तत्त्वज्ञानाचं सांत्वन' हे पुस्तक लिहून. पाठोपाठ त्याचा सासरा सिम्माकस. प्रोकोपियस सांगतो की नंतर एकदा जेवणात मोठ्या माशाचं डोकं वाढलं, तेव्हा थिओडोरिकला ते सिम्माकसचं डोकं दिसलं, खालच्या ओठात दात रोवलेलं, डोळे रोखलेलं. तो कापत अंथरुणात शिरला आणि काही दिवसांत गेला. ३० ऑगस्ट ५२६. दुसरे लेखक हगवणीनं गेला म्हणतात. मासा अर्थातच जास्त लक्षात राहतो.

त्यानंतर १० वर्षांत अमल घराणं संपलंच म्हणायचं. अथालारिक अठराव्या वर्षी वारला. अमलासुंथाला तिच्याच आतेभावानं, थिओडाहाडनं, बोल्सेना सरोवरातल्या बेटावर कैदेत ठेवून ५३५ मध्ये मारवलं. त्याचं निमित्त करून सम्राट जस्टिनियनच्या फौजा इटलीत उतरल्या. थिओडाहाड कुचकामी निघाला तेव्हा ५३६ मध्ये गॉथांनी उघड्या माळावर विटिगिस नावाच्या साध्या लढवय्याला ढालीवर उचलून राजा केलं. त्याच्या निवडीचं जाहीर पत्र आहे. त्यात तो म्हणतो, मला कुणी अंतःपुराच्या कोंदट खोलीत निवडलेलं नाही, विस्तीर्ण रणांगणावर निवडलंय. आणि थिओडोरिकची कृत्यं ज्याला करून दाखवता येतील, त्यालाच त्याचा नातलग मानावं.

लिहिणारा? कॅसिओडोरस. ज्या लेखणीनं सतरा पिढ्या मोजल्या, तिनंच तीन वर्षांत लिहिलं की पिढ्यांना काय विचारायचं. मला त्याचा राग येत नाही. सरकारी मजकूर लिहिणाऱ्या माणसाची ही कसरत आहे आणि त्यानं ती चोख केली. विटिगिसनं मात्र सावधपणे अमलासुंथाच्या मुलीशी, तिच्या मनाविरुद्ध, लग्नही करून घेतलं. न जाणो, पिढ्या लागल्याच तर.

आणि तरीही ५४० मध्ये, रावेन्नाला वेढा पडलेला असताना, गॉथ सरदारांनी शत्रूच्या सेनापतीला, बेलिसारियसला, निरोप पाठवला: तूच आमचा राजा हो. त्यानं होकाराचं नाटक केलं, शहरात शिरला आणि विटिगिसला कैद करून घेऊन गेला. वेशीतून आलेली फौज किती थोडी आहे हे पाहून गॉथ बायका नवऱ्यांच्या तोंडावर थुंकल्या, असं प्रोकोपियस लिहितो. तो तिथे हजर होता. पुढच्या वर्षी पाच महिने एरारिक नावाचा एक जण राजा झाला. तो रुगी होता. इटलीत आल्याला ५० वर्षं झाली तरी हे रुगी स्वतःला रुगी म्हणवत होते, बाहेरच्या बायका करत नव्हते. नकाशातल्या निळ्या बाणाच्या आत हा एक वेगळ्या रंगाचा धागा अख्खा शिल्लक होता, आणि राज्य मोडायला लागल्यावर तो वर आला. मग तोतिला आला, अकरा वर्षं झुंजला, ५५२ मध्ये पडला. त्याच्यामागून आलेला तेया काही महिन्यांत व्हेसुव्हियसजवळ पडला. राजे संपले, आणि इटलीच्या इतिहासात गॉथांचं नाव भराभर विरळ होत गेलं.

थिओडोरिकची कबर रावेन्नात अजून उभी आहे. वरचं छप्पर म्हणजे इस्त्रियातून समुद्रापार आणलेली एकच अखंड शिळा, जवळपास ११ मीटर रुंद आणि काहीशे टन वजनाची. आत लाल दगडाची रिकामी कुंडी. शहरातल्या त्याच्या राजवाड्याच्या चर्चमध्ये भिंतीवर काचतुकड्यांच्या मोझाइकमध्ये त्याचा राजवाडा दाखवला आहे. मी ते फक्त छायाचित्रांत पाहिलं आहे, पण मोठं करून, बराच वेळ. कमानींखाली एके काळी माणसं होती. गॉथांचा पंथ रोमन चर्चच्या लेखी पाखंडी. ख्रिस्ताला पित्यापेक्षा खालचा मानणारा. म्हणून ५६० च्या सुमारास चर्च ताब्यात घेतल्यावर नव्या बिशपनं ती माणसं काढून तिथे पांढरे पडदे बसवले. कारागिरांनी खांबांवर आलेले हात मात्र तसेच ठेवले. काही खांबांवर अजून बोटं दिसतात, मनगटापासून पुढे पडदा. दरबारी होते की खुद्द राजा, यावर अजून वाद चालतो.

पण त्या हातांपेक्षा मला दुसऱ्याच हातांचं कुतूहल आहे. नेपल्समध्ये एक पपायरस जपलेला आहे, ५५१ सालचं रावेन्नातलं खरेदीखत. शहर शत्रूच्या हाती जाऊन ११ वर्षं झालेली. संत अनास्तासियाच्या गॉथ चर्चचे पुजारी आपली दलदलीची जमीन विकतायत, अंगावरच्या कर्जापायी. किंमत १८० सोन्याची नाणी. दस्त लॅटिनमध्ये आहे, पण चौघांनी सही आपल्या भाषेत, चौथ्या शतकात बिशप वुल्फिलानं बायबलच्या भाषांतरासाठी घडवलेल्या लिपीत केली आहे. (त्यानं म्हणे बायबलातली राजांची पुस्तकं भाषांतरातून वगळली होती. गॉथांना लढाईची आधीच खुमखुमी, त्यांना आणखी चेतवायला नको म्हणून.) सही करणाऱ्यांत एक विलयारिथ नावाचा लेखनिक आहे, फ्लॉरेन्समधल्या एका जुन्या हस्तलिखितावर ज्या कार्यशाळेच्या मालकाचं नाव आहे तो हाच असावा, असं काही अभ्यासकांना वाटतं.

वर्ष पुन्हा वाचा. ५५१. तिकडे राजधानीत योर्डानेस बेरिगची तीन जहाजं आणि सतरा पिढ्या लिहून काढत होता. इकडे उफितहारी नावाच्या पुजाऱ्यानं लिहिलं ते असं: मी, उफितहारी, माझ्या हातानं सही केली. आम्हाला ६० नाणी मिळाली, आणि याआधी तारण लिहून देऊन, आमचा डीकन अलामोड आणि आमचे सोबती यांच्यासह, १२० नाणी मिळाली होती, या दलदलींची किंमत म्हणून.